पाचगणी ते कांचघर : एका तबकडीचा प्रवास

यंदा स्मरणिकेसाठी काहीतरी लिहाच, असे कार्यकारिणीतील मंडळींनी आषाढातच बजावून ठेवले होते. एरवी मी जबलपूरच्या जुन्या गोष्टींवर नाहीतर नर्मदेच्या घाटांवर चार पाने लिहून देतो. यंदा मात्र विषय वेगळा आहे. एका इंग्रजी गाण्यांच्या तबकडीवर लिहितो आहे. ‘गणपतीच्या अंकात हे कशाला?’ असे कुणी म्हणण्याआधीच सांगतो, की या तबकडीतला मुख्य गायक लहानपणी आपल्या सातारा जिल्ह्यात शिकलेला होता, आणि लेखाच्या शेवटी आपल्या मंडळाचे एक काम आहे. तेवढे धीराने वाचावे ही विनंती.

गेल्या वर्षी गणपतीला दादाची, म्हणजे माझ्या थोरल्या भावाची नात पुण्याहून कांचघरला आली होती. दादा २००४ साली गेला. या मुलीने आजोबांना पाहिलेलेच नाही. रात्रीची आरती झाली, प्रसाद वाटून झाला, घरातली माणसे पांगली, तेव्हा ती माझ्याजवळ येऊन बसली आणि म्हणाली, “छोटे आजोबा, तुम्ही आणि आबा तरुणपणी क्वीनची गाणी ऐकायचात, हे खरं का?” या बँडवर २०१८ साली निघालेला चित्रपट पाहिल्यापासून तिला त्यांचे वेड लागले होते.

मी म्हटले, खरे आहे. आमच्याकडे ‘अ नाइट अॅट द ऑपेरा’ची कॅसेट होती. तिने लगेच मोबाइल काढला, त्याला एक छोटी डबी जोडली आणि वायरचे जाडजूड हेडफोन माझ्या कानांवर चढवले. मी विचारले, “आता सगळे बिनवायरचे वापरतात ना?” तर म्हणाली, “ब्लूटूथवरून जाताना आवाज पुन्हा दाबला जातो. मग लॉसलेस लावून उपयोग काय?” लॉसलेस म्हणजे ज्यात काही गळत नाही ते, एवढे मला समजले. पुढची त्रेचाळीस मिनिटे मी जागचा हललो नाही. त्या वेळात मला काय ऐकू आले आणि काय आले नाही, त्याची ही हकिकत.

पाचगणीचा विद्यार्थी

या गायकाचे नाव फारुख बलसारा. जग त्याला फ्रेडी मर्क्युरी म्हणून ओळखते. ५ सप्टेंबर १९४६ रोजी आफ्रिकेच्या किनाऱ्याजवळील झांझिबार बेटावर एका पारशी कुटुंबात त्याचा जन्म झाला. वडील तिथे इंग्रज सरकारच्या नोकरीत रोखपाल होते. आडनावावरूनच कळते की घराणे मूळचे गुजरातेतील बलसाडचे, म्हणजे आजच्या वलसाडचे. मुलाचे शिक्षण चांगले व्हावे म्हणून वयाच्या आठव्या वर्षाच्या सुमारास त्याला बोटीत बसवून पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत पाठवले. पुढची सात-आठ वर्षे तो तिथल्या वसतिगृहात राहिला. तिथेच तो पियानो शिकला, शाळेच्या गायकवृंदात गायला, आणि १९५८ मध्ये चार सोबत्यांबरोबर ‘द हेक्टिक्स’ नावाचा बँड त्याने काढला. रेडिओवर एखादे गाणे एकदा ऐकले की पेटीसमोर बसावे तसा तो पियानोसमोर बसून ते वाजवून दाखवत असे, असे त्याचे शाळासोबती पुढे सांगत.

तो झांझिबारला परतला आणि १९६४ साली तिथे क्रांती झाली. हजारो भारतीय आणि अरब कुटुंबांना बेट सोडावे लागले. बलसारा कुटुंब लंडनजवळ जाऊन स्थिरावले. म्हणजे मूळ गाव गुजरातेत, जन्म आफ्रिकेत, शाळा महाराष्ट्रात आणि कर्मभूमी इंग्लंडात. नोकरीनिमित्त गाव सोडलेल्या घरांत मुलांची अशी ओढाताण होते, हे आपल्याला नवीन नाही. आमचे आजोबा अमरावतीहून ‘दोन वर्षांसाठी’ म्हणून जबलपूरच्या कारखान्यात आले होते. त्याला आता चौथी पिढी झाली.

कारागिरांची तबकडी

मर्क्युरी, ब्रायन मे आणि रॉजर टेलर १९७० साली एकत्र आले. १९७१ मध्ये जॉन डीकन येऊन मिळाला आणि क्वीनचा संच पूर्ण झाला. आपल्या वाचकांपैकी निम्मे लोक टर्नर, फिटर, ड्राफ्ट्समन किंवा त्यांची मुले आहेत, म्हणून ही माहिती मुद्दाम देतो. ब्रायन मे वाजवतो ती गिटार त्याने आणि त्याच्या वडिलांनी १९६३ पासून दोन वर्षे खपून घरी बनवली. दांड्याचे लाकूड एका जुन्या शेकोटीच्या चौकटीचे. आतल्या स्प्रिंगा मोटारसायकलच्या व्हॉल्व्हच्या. स्वर हलवण्याच्या दांडीचे टोक आईच्या लोकर विणायच्या सुईचे. पट्टीवरच्या खुणांसाठी शिंपल्याची बटणे. डीकन हा इलेक्ट्रॉनिक्सचा पदवीधर. रस्त्यावरच्या कचऱ्याच्या पेटीत सापडलेल्या एका सर्किटवरून त्याने छोटा अॅम्प्लिफायर बनवला आणि तोही या तबकडीत वापरला. पुढे २००७ साली मे याने खगोलभौतिकीत डॉक्टरेटही मिळवली. आपल्या भाषेत सांगायचे तर ही सगळी वर्कशॉपमधली माणसे.

‘अ नाइट अॅट द ऑपेरा’ नोव्हेंबर १९७५ मध्ये बाजारात आली. निर्माता होता रॉय थॉमस बेकर. बारा गाणी, पाच-सहा वेगवेगळे स्टुडिओ, आणि त्या काळातली सर्वांत खर्चिक तबकडी म्हणून तिचा लौकिक. वेष्टनावर त्यांनी अभिमानाने छापले होते, की यात सिंथेसायझर वापरलेला नाही. म्हणजे जे जे ऐकू येते ते कुणीतरी हाताने वाजवलेले किंवा गळ्याने गायलेले आहे. एका गाण्यात संपूर्ण जॅझ बँड वाजतो आहे असे वाटते, पण ती सारी वाद्ये म्हणजे मे याची घरगुती गिटार. दुसऱ्या एका गाण्यात मर्क्युरीचा आवाज जुन्या भोंग्यातून आल्यासारखा हवा होता. त्यासाठी त्याचा आवाज हेडफोनमध्ये सोडला, ते हेडफोन पत्र्याच्या डब्यात ठेवले आणि डब्यातून येणारा आवाज पुन्हा ध्वनिमुद्रित केला.

तबकडीतले सर्वांत प्रसिद्ध गाणे म्हणजे पाच मिनिटे पंचावन्न सेकंदांचे ‘बोहेमियन ऱ्हॅप्सडी’. त्याच्या मधल्या भागात मोठा गायकवृंद गातो आहे असा भास होतो. प्रत्यक्षात मर्क्युरी, मे आणि टेलर हे तिघेच गात होते. तिघांनी एक ओळ गायची, पुन्हा तीच गायची, पुन्हा वेगळ्या स्वरात गायची. फीत दोन इंच रुंदीची, तिच्यावर चोवीस पट्ट्या. पट्ट्या भरल्या की सगळे आवाज एकत्र करून एक-दोन पट्ट्यांवर उतरवायचे आणि मोकळ्या झालेल्या पट्ट्यांवर पुन्हा गायचे. असे सुमारे १८० थर चढले असे सांगतात. प्रत्येक वेळी ती फीत यंत्राच्या डोक्यावर घासत होती. लोहाच्या भुकटीचा थर झिजून झिजून शेवटी फितीतून आरपार दिसू लागले, अशी आठवण मे याने सांगितली आहे.

म्हणजे ज्याला आपण ‘मूळ’ म्हणतो, त्यातलाच काही भाग नकलेची नक्कल आहे. प्रत्येक नकलेत थोडी सळसळ वाढते आणि थोडी धार बोथट होते. ध्वनिमुद्रणाच्या धंद्यात अशा प्रत्येक नकलेला ‘पिढी’ म्हणतात. हा शब्द लक्षात ठेवावा, तो पुढे पुन्हा येणार आहे.

कांचघरपर्यंत कशी आली?

१८७० साली मुंबईकडून आलेली जी.आय.पी. रेल्वे आणि कलकत्त्याकडून आलेली ईस्ट इंडियन रेल्वे आपल्या जबलपुरात येऊन मिळाल्या. मुंबई आणि कलकत्ता यांना जोडणारा हा सांधा आपल्या गावात असल्यामुळे दोन्हीकडची माणसे, माल आणि गाणी इथे उतरत राहिली.

भारतातले व्यापारी ध्वनिमुद्रण १९०२ साली कलकत्त्यात सुरू झाले. ग्रामोफोन कंपनीचा फ्रेडरिक गेसबर्ग यंत्र घेऊन आला आणि त्याने गौहर जान यांच्यासारख्या कलावंतांचे गाणे मुद्रित केले. सुरुवातीला तबकड्या जर्मनीतील हॅनोव्हरला छापून बोटीने परत यायच्या. १९०८ मध्ये सियालदहला कारखाना निघाला, मग दमदमला. गंमत अशी, की या काळ्या तबकड्या ज्या लाखेच्या बनत ती लाख भारतातल्याच जंगलांतून जायची. एका बाजूला तीन-साडेतीन मिनिटे मावत. तेवढ्यात गवयाला राग उभा करावा लागे.

सगळ्यांचेच आवाज तबकडीवर आले नाहीत. गायनाचार्य भास्करबुवा बखले १९२२ साली गेले. ध्वनिमुद्रणाची सोय येऊन तोवर वीस वर्षे झाली होती, तरी त्यांची एकही तबकडी आज ऐकायला मिळत नाही. त्यांचे शिष्य बालगंधर्व आणि मास्टर कृष्णराव यांच्या तबकड्या आहेत, म्हणून गुरूचे गाणे कसे असेल याचा आपण शिष्यांवरून अंदाज बांधतो. नक्कल नसली की अंदाजच उरतो.

बालगंधर्वांच्या आणि क्वीनच्या तबकड्यांचे नाते वाटते तितके दूरचे नाही. ग्रामोफोन कंपनी १९३१ साली इंग्लंडात कोलंबियाशी एकत्र होऊन ईएमआय झाली. कुत्र्याच्या चित्राची एचएमव्ही ही तिचीच निशाणी. दमदमचा कारखाना चालवणारी ग्रामोफोन कंपनी ऑफ इंडिया ही तिचीच इथली शाखा. आणि १९७५ साली ‘अ नाइट अॅट द ऑपेरा’ काढणारी कंपनीही ईएमआयच.

आमच्या घरी ही तबकडी आली नाही, तिची सावली आली. रेल्वेत नोकरीला असलेल्या दादाच्या एका अँग्लो-इंडियन मित्राकडे ती होती. त्याने ती स्पूल टेपवर उतरवली. स्पूलवरून दादाने कॅसेट भरली. १९७९ मध्ये दादाच्या कॅसेटवरून मी माझी भरली. म्हणजे माझ्याकडे आली ती तबकडीची तिसरी पिढी. कॅसेटची फीत जेमतेम चार मिलिमीटर रुंद आणि सेकंदाला पावणेपाच सेंटिमीटर चालणारी. शिवाय आमचा टू-इन-वन थोडा मंद चालायचा. सळसळ इतकी, की हळू गाण्याच्या सुरुवातीला बाहेर पाऊस पडतो आहे असे वाटे. तरी आम्ही ती झिजेपर्यंत ऐकली. दादा दिवसा कारखान्यात, संध्याकाळी मंडळाच्या नाट्यगीतांच्या तालमीत आणि रात्री या गोऱ्या लोकांच्या नादात. आईला प्रश्न पडे की हा मुलगा नेमका कोणत्या वळणावर गेला आहे.

रतीब आणि खाडे

आता लॉसलेस म्हणजे काय, ते माझ्या अल्पमतीप्रमाणे सांगतो.

फिलिप्स आणि सोनी यांनी मिळून १९८२ साली सीडी आणली. तिच्यात आवाज आकड्यांच्या रूपात असतो. माणसाचा तरुण कान सेकंदाला सुमारे वीस हजार कंपनांपर्यंतचा आवाज ऐकतो. तो आकड्यांत पकडायचा तर त्याच्या दुपटीहून थोडी अधिक मापे घ्यावी लागतात. म्हणून सीडीसाठी दर सेकंदाला ४४,१०० वेळा आवाजाची उंची मोजतात, डाव्या-उजव्या दोन्ही बाजूंसाठी वेगळी. प्रत्येक माप सोळा शून्य-एकांचे. गुणाकार केला तर सेकंदाला १४,११,२०० शून्य-एक होतात. ‘बोहेमियन ऱ्हॅप्सडी’ एवढे एक गाणे सव्वासहा कोटी बाइटचे.

सुरुवातीच्या इंटरनेटला हे ओझे पेलवणारे नव्हते. जर्मनीतील फ्राउनहोफर संस्थेतील कार्लहाइन्त्स ब्रांडेनबुर्ग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्यावर तोड काढली. तिला १९९५ साली एमपीथ्री हे नाव मिळाले. तत्त्व सोपे आहे. विसर्जनाच्या मिरवणुकीत ताशा कडाडत असतो तेव्हा शेजारच्या बाईच्या बांगड्यांचा आवाज आपल्याला ऐकू येत नाही. मग तो साठवायचा कशाला? ज्या आवाजाला दुसरा मोठा आवाज झाकून टाकतो तो गाळायचा किंवा ढोबळ करायचा. अशा रीतीने गाणे अकराव्या हिश्श्यात बसवता येते. युक्ती हुशारीची आहे आणि चांगल्या प्रतीच्या एमपीथ्रीत फरक ओळखणे भल्याभल्यांना कठीण जाते. पण फार दाबले तर झांजा, टाळ्या, ‘स’ आणि ‘श’ ही अक्षरे पाण्याखालून आल्यासारखी येतात. आणि जे गाळले ते कायमचे गेले.

लॉसलेसची रीत निराळी. आपल्याकडे दुधाचा रतीब असतो. रोज एक लिटर दूध येते म्हणून गृहिणी रोज कॅलेंडरवर ‘एक लिटर’ लिहीत नाही. ती फक्त खाडे लिहिते आणि पाहुणे आले तर जास्तीचे माप लिहिते. महिन्याअखेरी हिशोब पैशापर्यंत जुळतो. जॉश कोल्सन याने तयार केलेल्या आणि २००१ साली आलेल्या फ्लॅकचे काम असेच चालते. आधीच्या मापांवरून पुढचे माप किती असेल याचा अंदाज बांधायचा आणि अंदाज चुकला तेवढाच फरक लिहून ठेवायचा. फरक लहान असतो, म्हणून जागा कमी लागते. गाणे साधारण निम्म्या जागेत बसते. उलट हिशोब केला की सगळी मापे जशीच्या तशी परत मिळतात, एकही आकडा इकडचा तिकडे होत नाही. २०२१ पासून मोठ्या कंपन्यांपैकी अॅपलनेही अशी गाणी जादा पैसे न घेता द्यायला सुरुवात केली.

कांचघर म्हणजे काचेचे घर. त्या रात्री माझ्या मनात आले, की आमच्या घरातला आवाज नेहमी काचेतूनच आला आहे. आजोबांच्या रेडिओत काचेचे व्हॉल्व्ह होते. सीडी छापण्यासाठी आधी काचेच्या तबकडीवर लेसरने मूळ ठसा काढतात. आणि आता हे गाणे दूरच्या कुठल्याशा संगणकावरून काचेच्या केसाएवढ्या तंतूंमधून माझ्या दारापर्यंत आले होते.

एक गोष्ट मात्र स्पष्ट करायला हवी. लॉसलेस म्हणजे मूळ नव्हे. ज्याची नक्कल केली त्याच्यात जे होते ते सारे, एवढाच त्याचा अर्थ. या तबकडीच्याच किती आवृत्त्या निघाल्या. २०११ साली बॉब लुडविग या नामांकित तंत्रज्ञाने मूळ फितींवरून नव्याने संस्करण केले. १९७५ मध्ये फीत झिजून जे गेले ते त्यालाही परत आणता आले नसणार. लॉसलेसने गळती थांबते ती आजपासून. कालची भरून निघत नाही.

अंगुस्तान

तर मी ऐकत होतो. सळसळ नव्हती. प्रत्येक गाणे शांततेतून उगवत होते. पत्र्याच्या डब्यातला तो आवाज खरोखर डब्यातला वाटला. कॅसेटवर सगळीच गाणी डब्यातली असल्यामुळे ती गंमत आम्हाला कधी कळलीच नव्हती! मग मे याचे ‘थर्टीनाइन’ लागले. अंतराळात वर्षभराच्या प्रवासाला गेलेली माणसे परत येतात, तोवर पृथ्वीवर शंभर वर्षे उलटलेली असतात, अशी त्याची कल्पना आहे. मी पहिल्यांदा अमरावतीला गेलो तेव्हा आजोबांनी सांगितलेले वाडे शोधत फिरलो होतो, त्याची आठवण झाली. तिथल्या दुकानदाराने माझे मराठी ऐकून विचारले होते, “भाऊ, तुम्ही हिंदीवाले का?”

‘सीसाइड राँदेव्हू’ या गाण्यात मध्येच नाचाच्या बुटांचा टपटप आवाज येतो. नात म्हणाली, “ते बूट नाहीत. मर्क्युरी आणि टेलरने बोटांत शिंप्याचं अंगुस्तान घालून टेबलावर वाजवलंय.” चाळीसहून अधिक वर्षे मला तो आवाज म्हणजे कॅसेटची फरफर वाटत आला होता. आता एकेक टिचकी सुटी ऐकू येत होती. मग तिने तोच भाग खूप दाबलेल्या एमपीथ्रीत लावला. टिचक्यांच्या कडा विरघळून गेल्या. टिचकी पडण्याच्या आधीच बारीकसा फस् असा आवाज येऊ लागला.

मला फरक कळला, पण तिला कळला तितका नाही. कारण उघड आहे. छत्तीस वर्षे मी घणांच्या आवाजात नोकरी केली. कानात घालायचे बोळे मिळायचे, ते मी खिशात ठेवायचो. निवृत्तीनंतर डॉक्टरांनी कानाचा आलेख काढून दाखवला, तेव्हा चार हजार कंपनांच्या आसपास मोठा खड्डा होता आणि त्यापुढे रेघ खालीच जात होती. मोठ्या आवाजात काम केलेल्यांचा आलेख असाच येतो. आमच्या पिढीतील अनेक सहकाऱ्यांची हीच गत आहे. म्हणजे गाणे एकही आकडा न गळता कांचघरपर्यंत आले आणि माझ्या कानाच्या दारात गळले.

तेवढ्यात ती म्हणाली, “छोटे आजोबा, आबांच्या गाण्याची फाइल अगदी अशीच लागते. पाण्यात गात असल्यासारखी. मला वाटायचं, आबांचा आवाजच तसा होता.”

माझी चूक

हे वाक्य ऐकून मी हेडफोन काढून ठेवले. त्याचे कारण जुन्या सभासदांना माहीत आहे, नव्यांसाठी सांगतो.

आपल्या उत्सवातील कार्यक्रमांच्या चौदा कॅसेट मंडळाच्या कपाटात होत्या. त्यांत १९८६ च्या अनंत चतुर्दशीच्या आदल्या रात्रीची मैफलही होती. दादा त्या रात्री जवळजवळ तासभर नाट्यगीते गायला होता. २००६ साली कॅसेटना बुरशी धरू लागली म्हणून त्या संगणकावर घेण्याचे काम मी हौसेने अंगावर घेतले. चौदाच्या चौदा एकाच सीडीत बसाव्यात म्हणून एमपीथ्रीत अगदी कमी प्रत निवडली. मला तर काहीच फरक ऐकू येत नव्हता! काम झाल्यावर मंडळाच्या वार्षिक सभेत टाळ्या मिळाल्या, आणि जागा अडते म्हणून मी त्या कॅसेट रद्दीवाल्याला देऊन टाकल्या. कुणी सांगितले नव्हते. निर्णय माझा होता.

त्या फाइलमध्ये दादाचे शब्द कळतात, चालही कळते. पण त्याचा ‘श’ खास होता. तंबोऱ्याच्या तारेची झिणझिण होती. मागे झांज धरणारा मुलगा होता, तो मीच. हे सगळे ताशाखालच्या बांगड्यांसारखे गाळले गेले. मी माझ्या निकामी कानांनी ठरवले की एवढे पुरे आहे. वास्तविक ती नक्कल मला हवी नव्हती, मी तर दादाला समोर बसून ऐकला होता. नक्कल हवी होती ती त्यालाच न पाहिलेल्या या मुलीला, आणि तिचे कान शाबूत आहेत. आपण जपून ठेवतो ते पुढच्या माणसासाठी, आणि त्याला काय ऐकू येईल हे आपल्या कानांवरून ठरवता येत नाही, एवढे मला वीस वर्षे उशिरा समजले.

घरातल्या भाषेचेही मी असेच केले असावे. आजोबांचे वऱ्हाडी मराठी दादापर्यंत आले, माझ्यापर्यंत त्यात हिंदी मिसळली. ‘मुलांना कुठे लागते आहे’ म्हणून काही म्हणी, काही शब्द मीच गाळले. दादाची नात पुण्याची असल्यामुळे तिचे मराठी शुद्ध आहे, पण आजोबांचे वऱ्हाडी तिच्याकडे नाही. ते मधल्या नकलांत राहून गेले.

आता विनंती

१९८६ च्या त्या रात्री तीन-चार जणांनी आपापले टेपरेकॉर्डर स्टेजसमोर आणून ठेवले होते, हे मला पक्के आठवते. दादा हसून म्हणालाही होता, की माझ्यापेक्षा यंत्रेच जास्त जागा अडवताहेत. म्हणजे त्या रात्रीच्या आणखी तीन-चार कॅसेट भरल्या गेल्या आणि त्या कुणाच्या तरी घरी गेल्या. बदलीवर गेलेल्या सहकाऱ्यांकडे असतील, माळ्यावरच्या ट्रंकेत असतील, वर दुसरी गाणी भरली गेली असतील. तरीही शोधावे. केवळ दादाची नव्हे, आपल्या उत्सवातली कोणतीही जुनी फीत, भजनाची, बालनाट्याची, हळदीकुंकवाच्या उखाण्यांची असली तरी चालेल.

कॅसेट सापडली तर चार गोष्टी कराव्यात. एक, तिच्या पाठीवरच्या दोन प्लॅस्टिकच्या टिकल्या तोडाव्यात, म्हणजे चुकून पुसली जाणार नाही. दोन, बुरशी दिसली तर वाजवून पाहण्याचा मोह टाळावा आणि आधी ती स्वच्छ करवून घ्यावी. तीन, संगणकावर घेताना सेकंदाला ४८,००० मापे आणि प्रत्येक माप चोवीस शून्य-एकांचे, अशा मापाने घेऊन फ्लॅकमध्ये ठेवावी. नव्वद मिनिटांची कॅसेट साधारण एक जीबीत बसते, आणि आज एवढी जागा शाळकरी मुलाच्या मोबाइलमध्येही असते. नकला दोन करून दोन वेगळ्या घरांत ठेवाव्यात. चार, मूळ कॅसेट फेकू नये. काम करायला मी आहे आणि दर दिवाळी-गणपतीला येणारी दादाची नात आहे. यंदा ती शेजारच्या दोन मुलांनाही शिकवणार आहे. ऐकून तपासण्याचे काम मात्र त्या तिघांकडेच राहील, माझ्याकडे नाही.

कॅसेटवर पेन्सिलने नाव आणि वर्ष लिहून आरतीच्या वेळी मंडपात आणून द्यावी. परत मिळेल, याची हमी मी देतो.

गणपती बाप्पा मोरया!